उधारी वसुलीचा दावा: समरी सूट कधी टिकतो आणि पूर्ण ट्रायल कधी लागतेच

नाशिकच्या सातपूर-अंबडचा जॉबवर्कवाला असो, निफाड-पिंपळगावचा द्राक्षवाला असो की रविवार कारंजावरचा होलसेल दुकानदार, पैसे अडकले की सगळ्यांना एकच वाक्य ऐकायचं असतं: "समरी टाकू, साक्षीपुरावा नाही, उलटतपास नाही, समोरचा दहा दिवसांत हजर झाला नाही तर सरळ हुकूमनामा." हे खोटं नाहीये, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ३७ मध्ये खरंच तशी सोय आहे. पण कितीतरी समरी दावे सहा-आठ महिन्यांनी, कधी वर्ष-दीड वर्षाने, साध्या दाव्यासारखे साक्षीपुराव्यालाच लागतात आणि मधला सगळा वेळ पाण्यात जातो, कारण दावा टाकताना कोणी एक साधी गोष्ट तपासलेली नसते. ती अशी, की एकाही माणसाला साक्षीच्या पिंजऱ्यात उभं न करता, नुसत्या कागदांवरून तुमचा पूर्ण आकडा उभा राहतो का? राहत असेल तर समरी. मधे कुठेही "ते अमक्याला विचारावं लागेल" असं आलं, तर ट्रायल येणार हे धरूनच चाला आणि तशीच तयारी करा.

खाली पायऱ्या दिल्यात त्या वादी आणि प्रतिवादी दोघांनाही कामाच्या आहेत. तुमच्या केसचा सल्ला वकिलाकडूनच घ्या, पण वकिलाकडे जाताना फाइल आणि डोकं दोन्ही लावून जा म्हणजे पहिली मीटिंग वाया जात नाही.

समरीचा प्रवास आधी एकदा बघून घ्या

दावा दाखल होतो, कोर्ट एका खास नमुन्यातलं समन्स काढतं. ते मिळाल्यापासून १० दिवसांत प्रतिवादीने हजेरी लावायची आणि नोटीस पाठवायला पत्ता द्यायचा. इथे कैफियत, म्हणजे दाव्याला लेखी उत्तर, द्यायची नसते, हे लोकांना कळतच नाही, "आम्ही म्हणणं दिलं होतं" म्हणतात आणि ते म्हणणं परवानगीशिवाय दिलेलं असल्याने त्याला किंमत नसते. हजेरीच नाही लावली तर दाव्यातलं सगळं कबूल धरून हुकूमनामा होऊ शकतो. हजेरी लावली की वादी 'समन्स फॉर जजमेंट' बजावतो, सोबत ॲफिडेव्हिट की एवढे पैसे येणं आहेत आणि माझ्या समजुतीप्रमाणे समोरच्याला बचाव नाही. ते मिळाल्यावर परत १० दिवस, आणि या १० दिवसांत प्रतिवादीने 'लीव्ह टू डिफेंड' म्हणजे बचाव करायची परवानगी मागायची, ॲफिडेव्हिटवर. सबळ कारण असेल तर उशीर माफ होतो, पण त्या भरवशावर राहू नका.

खरी लढाई या एका अर्जावर होते. परवानगी नाकारली तर हुकूमनामा, दिली तर दावा साध्या दाव्यासारखा पुढे, आणि मधला रस्ता म्हणजे "आधी एवढे पैसे कोर्टात भरा, मग लढा."

पायरी १: दावा मुळात समरीत बसतो का

समरीत बसणाऱ्या गोष्टी मोजक्या आहेत. चेक, हुंडी, प्रॉमिसरी नोट. लेखी कराराखाली येणं असलेली ठरलेली रक्कम, व्याजासकट किंवा व्याजाशिवाय. कायद्याने ठरवून दिलेली ठरावीक रक्कम, पण दंड नाही. आणि जामीनकी, म्हणजे मूळ कर्जाची रक्कम ठरलेली असेल आणि जामीनदारावर लेखी गॅरंटी असेल तर. दाव्यात स्पष्ट लिहावं लागतं की हा ऑर्डर ३७ खालचा दावा आहे आणि या ऑर्डरमध्ये न बसणारी कुठलीही मागणी यात नाही. हे शेवटचं वाक्य लोक छापून टाकतात आणि खाली मागणीत "मानसिक त्रासापोटी २ लाख" पण लिहितात. झालं, समोरच्याला पहिला मुद्दा आयता मिळाला.

नुकसानभरपाई समरीत चालत नाही, कारण भरपाई किती हे कोर्टाने ठरवेपर्यंत ती 'कर्ज' होतच नाही. सुप्रीम कोर्टाने १९७४ च्या रामन आयर्न फाउंड्री केसमध्ये हे साफ सांगितलंय. म्हणजे माल वेळेवर दिला नाही म्हणून माझी ऑर्डर गेली, इतका नफा बुडाला, असा दावा असेल तर तो पहिल्या दिवसापासून ट्रायलचाच आहे.

हातउसने पैसे इथेच अडकतात. मित्राला आरटीजीएसने ६ लाख दिले, लिखापढी काही नाही, व्हॉट्सॲपवर "देतो रे पुढच्या महिन्यात" एवढंच. बँक स्टेटमेंटवरून पैसे गेले हे दिसतं पण ते उसने होते की भागीदारीचे की जुन्या व्यवहाराचे, हे स्टेटमेंट सांगत नाही. अशा केसला सरळ रेग्युलर दावा टाकलेला बरा. त्याच मित्राने नंतर चेक दिला आणि तो बाउन्स झाला, तर चेकवर समरी टाकता येते, कारण आता दावा चेकचा आहे.

पायरी २: चुकीच्या दारात तर नाही ना

हे पटकन उरकतो. पतसंस्थेची वसुली असेल तर महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्याच्या कलम १०१ चा वसुली दाखला किंवा कलम ९१ खाली सहकार न्यायालय, समरी नाही. बँकेचं २० लाखांच्या वरचं येणं डीआरटीकडे, म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे जातं. करारात ॲर्बिट्रेशनचा (लवादाचा) क्लॉज असेल तर प्रतिवादीने लीव्हचा अर्ज देण्याआधी ॲर्बिट्रेशन कायद्याच्या कलम ८ चा, म्हणजे वाद लवादाकडे पाठवा असा अर्ज द्यायचा, नंतर आठवण येऊन उपयोग नाही. उद्यम रजिस्ट्रेशन असलेला सूक्ष्म किंवा लघु उत्पादक असेल आणि माल दिल्यावर ४५ दिवस उलटून गेले असतील तर छोट्या उद्योगांच्या थकलेल्या बिलांसाठीच्या एमएसएमई फॅसिलिटेशन कौन्सिलचा रस्ता बघाच, तिथे रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट दराने, तेही चक्रवाढ व्याज आहे, आणि समोरच्याला तो निकाल रद्द करून घ्यायचा तर आधी ७५ टक्के भरावे लागतात. अंबडमधल्या कित्येक छोट्या व्हेंडरला हा रस्ता समरीपेक्षा जास्त परवडतो असं माझं मत आहे, फक्त मोठ्या कंपनीशी पुढचं काम बंद होईल ही भीती आडवी येते, ती खरी पण आहे.

व्यवहार व्यापारी असेल आणि रक्कम ३ लाख किंवा जास्त असेल तर कमर्शियल कोर्ट, आणि तिथे दावा टाकण्याआधी कमर्शियल कोर्ट्स कायद्याच्या कलम १२-अ खाली जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे मध्यस्थीचा अर्ज सक्तीचा. तातडीचा अंतरिम आदेश खरोखर हवा असेल तरच सूट. ऑगस्ट २०२२ च्या पाटील ऑटोमेशन निकालानंतर यात पळवाट राहिलेली नाही, मध्यस्थी न करता टाकलेला दावा फेटाळला जातो, समरी असली तरी. मध्यस्थीला गेलेला काळ दावा टाकायच्या मुदतीतून वजा होतो, त्यामुळे घाबरायचं कारण नाही.

पायरी ३: ट्रायल मागणारे वाद ओळखा

ही सगळ्यात महत्त्वाची पायरी, इथे घाई करू नका. फाइल पुढ्यात घ्या आणि एकेक वाद तपासा.

मालाच्या क्वालिटीचा वाद. समजा सातपूरच्या फॅब्रिकेटरने मोठ्या कंपनीला वर्षभरात चौदा बिलं दिली, नऊ पूर्ण पेड, तीन अर्धवट, दोन शिल्लक. कंपनी म्हणते दोन लॉट रिजेक्ट होते, आमच्या क्वालिटी डिपार्टमेंटचे रिपोर्ट आहेत, डेबिट नोट (तेवढी रक्कम कापल्याची चिठ्ठी) पाठवली होती. आता कायद्याने खरेदीदाराला माल वॉरंटीप्रमाणे नसेल तर किमतीत कपात मागायचा हक्क आहे, सेल ऑफ गुड्स ॲक्टचं कलम ५९. मग प्रश्न तारखांचा. रिजेक्शनचा ईमेल आणि डेबिट नोट तुमच्या वसुलीच्या नोटिशीच्या आधीची असेल, रिजेक्टेड माल परत आल्याचं चलन असेल, तर ट्रायल जवळपास पक्की, कारण जॉब ड्रॉइंगप्रमाणे होता का हे इन्स्पेक्टरला आणि मशीनवाल्याला विचारल्याशिवाय कळणार नाही. पण डेबिट नोट नोटीस मिळाल्यानंतर जन्माला आली असेल, आणि मधल्या काळात कंपनीने त्याच बिलांवर जीएसटीचं इनपुट क्रेडिट (खरेदीवर भरलेल्या कराची वजावट) घेतलं असेल, तर ती तक्रार मागाहून रचलेली वाटते. बिलाचे पैसे १८० दिवसांत दिले नाहीत तर घेतलेलं क्रेडिट उलटवावं लागतं हेही लक्षात ठेवा. कंपनीने ते उलटवलं का, किती तारखेला उलटवलं, आणि तुमच्या २६एएसमध्ये, म्हणजे आयकराच्या कर-उताऱ्यात, त्या बिलांवर टीडीएस दिसतोय का, हे विचारून ठेवा. असे कागद बघायला साक्षीदार लागत नाही.

सहीचा वाद. "सही माझी नाही" म्हटलं की हस्ताक्षर तज्ज्ञ, आणि तज्ज्ञ म्हणजे ट्रायल. पण चेकचा रिटर्न मेमो, म्हणजे चेक का परत आला ते सांगणारी बँकेची चिठ्ठी, आधी वाचा. बँकेने "फंड्स इनसफिशियंट" म्हणून परत केला असेल तर बँकेला सहीबद्दल शंका आली नव्हती, आणि आता सही नाकारणं कमजोर पडतं. "सिग्नेचर डिफर्स" असेल तर मात्र तयारीने राहा.

कोरा चेक, सिक्युरिटीचा चेक. हा नाशिकमधला सगळ्यात चालणारा बचाव. भिशीत दिला होता, जागेच्या सौद्यात दिला होता, कामगाराकडून नोकरीच्या वेळी घेतला होता. फक्त "कोरा दिला होता" एवढ्यावर भागत नाही, कारण सही करून दिलेला कोरा चेक भरायचा अधिकार घेणाऱ्याला असतो आणि २०१९ च्या बीर सिंग निकालात सुप्रीम कोर्टाने म्हटलंय की चेक दुसऱ्याने भरला तरी कर्जापोटी दिल्याचं गृहीतक राहतं. तो निकाल कलम १३८ च्या, म्हणजे चेक बाउन्सच्या फौजदारी केसमधला आहे, पण त्यातला विचार इकडेही वापरतात. म्हणून प्रतिवादीला गोष्ट पूर्ण सांगावी लागते: भिशी कधी सुरू झाली, किती जण होते, माझा नंबर कधी लागला, हप्ते कुठून दिले, चेकबुकमधले त्याच्या पुढचे-मागचे चेक कोणत्या वर्षी वटले. हा शेवटचा मुद्दा फार बोलका असतो. तुमचा ००४५ नंबरचा चेक २०२४ चा म्हणतात आणि ००४४ व ००४६ तर २०१९ मध्येच वटलेत, हे बँक स्टेटमेंटवर दिसलं की कोर्टाला ट्रायल द्यावीशी वाटणारच.

द्राक्षाचा सौदा. जागेवर भाव ठरतो, क्रेट भरले जातात, वजनाची चिठ्ठी मिळते, व्यापारी म्हणतो आठ दिवसांत पैसे, आणि हातात चेक. माल गेल्यावर, वजनचिठ्ठीनंतरच्या तारखेचा, भाव गुणिले वजन बरोबर तेवढ्याच रकमेचा चेक असेल तर नंतरचं "रस्त्यात माल सडला, मणी गळाले, भाव कमी ठरला होता" हे टिकायला अवघड जातं. हाच चेक खुडा (द्राक्षतोडणी) सुरू व्हायच्या आधी ॲडव्हान्समध्ये कोरा घेतला असेल, वजनचिठ्ठ्यांवर कोणाची सहीच नसेल, भाव तोंडी असेल, तर शेतकऱ्याची केस खरी असूनही ट्रायल लागते, कारण भाव आणि वजन दोन्ही माणसांच्या तोंडून सिद्ध करायचंय. म्हणून खुड्याच्या दिवशी वजनचिठ्ठीवर व्यापाऱ्याच्या माणसाची सही आणि प्रतिकिलो भाव लिहून घेणं हे वकिलाच्या फीपेक्षा स्वस्त काम आहे.

चालू खातं. दोन दुकानदारांमध्ये माल इकडून तिकडे, पेमेंट अधूनमधून, रिटर्न, स्कीम, डिस्काउंट. अशा खात्याचा नुसता स्वतःचा लेजर उतारा जोडून समरी टाकू नका. तो तुमचाच कागद आहे, समोरच्याने काय कबूल केलंय ते त्यात नाही. समोरच्याने सही-शिक्क्यानिशी बॅलन्स कन्फर्मेशन दिलं असेल तर चित्र वेगळं, कारण मग हिशोब झालाय आणि आकडा मान्य झालाय.

दावा टाकायची मुदत. साधारण ३ वर्षं. उसने पैसे असतील तर दिल्याच्या तारखेपासून, मागणीवर देय प्रॉमिसरी नोट असेल तर नोटेच्या तारखेपासून, मालाच्या किमतीला उधारीची मुदत ठरली नसेल तर डिलिव्हरीपासून. मुदत संपण्याआधी समोरच्याने सही करून देणं मान्य केलं किंवा काही रक्कम भरली आणि त्याची लेखी नोंद त्याच्या हातची असेल तर नवीन मुदत मिळते. आता तुमचा दावा "मधे त्याने ५० हजार कॅश दिले होते म्हणून मुदतीत आहे" यावर उभा असेल आणि पावती नसेल, तर हा प्रश्न साक्षीशिवाय सुटत नाही.

दबावाखाली लिहून घेतलं. "पोलीस स्टेशनला बसवून स्टॅम्पपेपरवर लिहून घेतलं" हे बऱ्याचदा खरं असतं आणि बऱ्याचदा थापही असते. कायदा म्हणतो फसवणूक किंवा दबाव म्हणायचा असेल तर तपशील द्या. तारीख, ठिकाण, कोण होतं, त्यानंतर कोणाला तक्रार केली. लिहून दिल्यावर दोन वर्षं गप्प आणि समन्स आल्यावर दबाव आठवला, तर कोर्ट भुवई उंचावणारच.

सावकारी. महाराष्ट्र सावकारी नियमन कायदा २०१४, कलम १३. कर्ज देताना लायसन्स नसेल तर सावकाराच्या बाजूने हुकूमनामा देता येत नाही. पण एकदा मित्राला पैसे दिले म्हणजे माणूस सावकार होत नाही, धंदा म्हणून नेहमी व्याजाने पैसे देतो हे दाखवावं लागतं. प्रतिवादीने त्याच वादीने इतर चार-पाच जणांवर टाकलेल्या अशाच दाव्यांचे नंबर ई-कोर्ट्सवरून काढून जोडले, की ट्रायल जवळपास आली.

स्टॅम्प आणि मूळ कागद. प्रॉमिसरी नोटवर रेव्हेन्यू स्टॅम्प नसेल तर ती पुराव्यात घेताच येत नाही, इतर कागदांसारखा दंड भरून सुधारता येत नाही. आणि मूळ चेक किंवा नोट हरवून फक्त झेरॉक्स उरली असेल तर २००८ च्या नीभा कपूर निकालाप्रमाणे समरी निकालाचा हट्ट सोडा.

पायरी ४: कोर्ट नेमकं काय तोलतं

१९७६ चा मेकालेक इंजिनिअर्स निकाल जुना पाया, २०१६ च्या आयडीबीआय ट्रस्टीशिप विरुद्ध हबटाऊनमध्ये तो नव्याने मांडला गेला, आणि जानेवारी २०२२ मध्ये बी. एल. कश्यप केसमध्ये सुप्रीम कोर्टाने परत बजावलं की परवानगी देणं हा नियम आणि नाकारणं हा अपवाद. थोडक्यात शिडी अशी. बचाव भक्कम दिसतो, तर विनाअट परवानगी. बचाव जिंकेलच असा नाही पण प्रामाणिक आणि तपासण्याजोगा आहे, तरी साधारण विनाअट. तपासण्याजोगा मुद्दा आहे पण खरेपणाबद्दल शंका आहे, तर अट घालायची, तारखांची किंवा पैसे भरायची. बचाव शक्य कोटीतला पण पटण्यासारखा नाही, तर पैसे किंवा तारण, आणि ते पूर्ण मुद्दल व्याजासकट इतकंही असू शकतं. बचावात दमच नाही, तर नकार आणि हुकूमनामा. आणि काही रक्कम कबूल असेल तर ती कोर्टात भरल्याशिवाय परवानगी नाही.

वादींनी यातून एक हिशोब करावा. लीव्ह पूर्ण नाकारली जाईल या आशेवर समरी टाकू नका, अट लागेल का या अंदाजावर टाका. समोरच्याचा बचाव मधल्या दोन पायऱ्यांवर येत असेल तर मुद्दल कोर्टात जमा होऊ शकतं, आणि समोरचा तेवढे भरू शकत नसेल तर तिथेच हुकूमनामा होतो. बचाव वरच्या दोन पायऱ्यांवरचा दिसत असेल तर समरीचा हट्ट म्हणजे हात दाखवून अवलक्षण. रेग्युलर दावा टाकला असता तर एव्हाना मुद्दे निघाले असते, म्हणजे वाद नेमका कशाकशावर हे कोर्टाने ठरवून दिलं असतं.

पायरी ५: वादीने फाइल कशी लावायची

दाव्याआधी स्पीड पोस्टाने नोटीस पाठवा, जरी सक्तीची नसली तरी. समोरच्याचं उत्तर म्हणजे त्याच्या बचावाची पहिली झलक, आणि उत्तरात न घेतलेला मुद्दा नंतर लीव्हच्या ॲफिडेव्हिटमध्ये उगवला तर तुम्ही बोट दाखवू शकता. चेक असेल तर कलम १३८ ची नोटीस मेमो मिळाल्यापासून ३० दिवसांत, ती फौजदारी केस आणि दिवाणी दावा दोन्ही सोबत चालू शकतात.

तारखेप्रमाणे तक्ता करा: बिल, चलन, ई-वे बिल, पेमेंट, शिल्लक. ज्या बिलावर खरा वाद आहे ते वेगळं दिसू द्या. करारात व्याज नसेल तर बिलाच्या तळाशी बारीक अक्षरात छापलेल्या २४ टक्क्यांवर फार जोर देऊ नका, तेवढ्या एका मुद्द्यावर समोरचा "हे मी कबूल केलंच नव्हतं" म्हणतो आणि त्याच्या बाकी पोकळ बचावाला आधार मिळतो. भागीदारी फर्म असेल तर रजिस्ट्रेशन तपासा, अनरजिस्टर्ड फर्मला करारावर दावाच करता येत नाही. कॅशने दिलेले पैसे असतील तर वकिलाला आधी सांगा, २० हजार किंवा त्याहून जास्त कॅश कर्जाला आयकरात बंदी आहे, आणि २०२५ मध्ये सुप्रीम कोर्टाने म्हटलंय की दाव्यात २ लाख किंवा जास्त कॅश व्यवहार दिसला तर कोर्टाने आयकर खात्याला कळवावं.

व्हॉट्सॲप-ईमेलवर भिस्त असेल तर भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र दाव्यासोबतच तयार ठेवा, आणि फोन विकू नका, फॉरमॅट मारू नका.

समोरचा गाळा-गाडी विकून निघायच्या तयारीत असेल तर ऑर्डर ३८ नियम ५ खाली निकालाआधी जप्तीचा अर्ज देता येतो, पण त्याला "मला वाटतं" चालत नाही, विक्रीची जाहिरात, सौदा पावती, काहीतरी ठोस हवं.

पायरी ६: प्रतिवादीचं लीव्हचं ॲफिडेव्हिट

समन्स आलं की तारीख पाकिटावर लिहा आणि त्याच आठवड्यात वकील गाठा. बेलीफला टाळत बसायचं, दाराला कुलूप लावायचं, हे फार लोक करतात, कोर्ट दाराला चिकटवून किंवा पेपरात जाहिरात देऊन बजावणी झाली असं धरतं आणि मग हुकूमनामा उठवायला 'विशेष परिस्थिती' दाखवावी लागते. समन्स का मिळालं नाही एवढं सांगून भागत नाही, दाव्याला काय बचाव होता तोही सोबत दाखवावा लागतो, हे २००३ च्या रजनी कुमार निकालाने पक्कं केलंय.

ॲफिडेव्हिटमध्ये "दावा खोटा आहे, नाकबूल आहे, प्रतिवादी काही देणं लागत नाही" असे परिच्छेद भरून उपयोग नाही. प्रत्येक मुद्द्याला तारीख, आकडा, माणूस आणि कागद. रिजेक्शन म्हणताय तर लॉट नंबर. पैसे दिले म्हणताय तर बँक ट्रान्सफरचा यूटीआर नंबर. एक लाख देणं लागतो आणि बाकी वादात आहे, हे खरं असेल तर तसं सांगा आणि तो लाख भरायची तयारी दाखवा. माझ्या मते याचा कोर्टावर चांगला परिणाम होतो, कारण माणूस पळत नाहीये हे दिसतं. दहा बचाव एकात एक घालू नका. "सही माझी नाही, आणि असली तरी चेक कोरा दिला होता, आणि दिला असला तरी पैसे परत केले" हे वाचून कुठल्याही न्यायाधीशाला अट घालावीशी वाटेल.

जामीनदार असाल तर स्वतःचा वेगळा अर्ज द्या. तुमच्या संमतीशिवाय मूळ कराराच्या अटी बदलल्या असतील तर त्यानंतरच्या व्यवहारातून तुम्ही सुटता, हा कर्जदाराचा नाही तुमचा स्वतंत्र बचाव आहे.

पायरी ७: कमर्शियल दाव्यातला दुसरा शॉर्टकट

रेग्युलर कमर्शियल दावा टाकला तरी सगळं संपलं असं नाही. ऑर्डर १३-अ खाली समन्स बजावल्यानंतर आणि मुद्दे निघायच्या आधी कधीही समरी जजमेंटचा अर्ज देता येतो, वादीला आणि प्रतिवादीलाही. कसोटी अशी की समोरच्याला जिंकायची खरी शक्यता नाही, आणि तोंडी पुराव्यापर्यंत थांबायला दुसरं काही सबळ कारण नाही. उत्तराला ३० दिवस मिळतात. फक्त मूळ दावा ऑर्डर ३७ खाली टाकलेला असेल तर हा अर्ज देता येत नाही, म्हणून दोन्हीपैकी एक रस्ता सुरुवातीलाच निवडावा लागतो. व्यवहार मोठा, कागद भरपूर पण एखाद-दोन बिलांवर खरा वाद, अशा केसला मी ऑर्डर ३७ पेक्षा हाच रस्ता सुचवीन. या अर्जावर दाव्याच्या एखाद्या भागापुरताही निकाल मिळू शकतो, म्हणजे स्वच्छ बिलांचा हुकूमनामा आधी आणि वादातल्या बिलांची ट्रायल नंतर.

पायरी ८: परवानगी मिळाली, आता ट्रायल

विनाअट परवानगी मिळाली तर प्रतिवादीने कैफियत द्यायची, मुद्दे निघतात, मग सरतपासाचं ॲफिडेव्हिट (साक्षीदाराची स्वतःच्या बाजूची लेखी साक्ष), कागदांना निशाणी क्रमांक पाडणं, उलटतपास, युक्तिवाद. अट असेल तर शेवटची तारीख डायरीत लाल पेनने लिहा, एक दिवस चुकला तर हुकूमनाम्याचा रस्ता मोकळा होतो. मुदतवाढ हवी असेल तर मुदत संपण्याआधी अर्ज. अट जास्त वाटली तर हायकोर्टात राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खाली जाता येतं, पण तिथे स्थगिती मिळेपर्यंत इकडची तारीख थांबत नाही.

वादीने इथे रुसून बसू नये. ज्या माणसाच्या तोंडून आकडा सिद्ध होणार तो साक्षीदार आत्ताच पक्का करा: डिस्पॅचचा सुपरवायझर, वजन करणारा, हिशोब लिहिणारा अकाउंटंट. अंबडमध्ये सुपरवायझर दर दोन वर्षांनी कंपनी बदलतात, त्याचा नवा पत्ता आणि नंबर घेऊन ठेवा, नाहीतर पुराव्याच्या तारखेला चलनावरची सही कोणाची हे सांगायला कोणी उरत नाही. समोरच्या कंपनीचे रिजेक्शन रजिस्टर, इनवर्ड नोंदी हजर करण्यासाठी नोटीस द्या. चेकबुकच्या नंबरांचा वाद असेल तर बँकेच्या अधिकाऱ्याला समन्स काढा, सर्टिफाइड स्टेटमेंट घेऊन येईल असं अर्जात स्पष्ट लिहा, नाहीतर तो नुसता येऊन "रेकॉर्ड शाखेत आहे" सांगून जातो आणि पुढची तारीख पडते. अटीप्रमाणे रक्कम कोर्टात जमा झाली असेल तर ती राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत ठेवावी असा अर्ज त्याच दिवशी द्या, दावा चालेल तेवढा काळ त्यावर व्याज तरी चालू राहील.